मोटार-अपघात आणि वारसांचा हक्क

वाशीम जिल्हा हा वाटसरूंच्या वाटेवरचा जिल्हा आहे. अकोल्याहून हिंगोली-नांदेडकडे जाणारा रस्ता मालेगाव आणि वाशीम गाठून पुढे जातो. नागपूरहून मेहकर-जालन्याकडे जाणारा जुना रस्ता कारंजा, शेलूबाजार, मालेगाव असा जिल्ह्याला आडवा छेदतो. आणि डिसेंबर २०२२ मध्ये नागपूर ते शिर्डी हा टप्पा खुला झाला, तेव्हापासून समृद्धी महामार्गही याच जिल्ह्यातून धावू लागला आहे. रस्ता आला म्हणजे बाजार जवळ येतो, दवाखाना जवळ येतो, मुलांचे कॉलेज जवळ येते. पण श्रोतेहो, रस्त्याबरोबर अपघातही येतो, आणि त्याचा हिशेब मात्र आपण क्वचितच मांडतो.

१ जुलै २०२३ च्या मध्यरात्रीनंतर शेजारच्या बुलढाणा जिल्ह्यात, सिंदखेडराजा तालुक्यात, नागपूरहून पुण्याला निघालेली एक खाजगी बस समृद्धी महामार्गावर उलटली आणि पेटली. पंचवीस माणसे गेली. राज्य सरकारने प्रत्येक मृताच्या वारसांना पाच लाख रुपये आणि पंतप्रधानांच्या निधीतून दोन लाख रुपये जाहीर झाले. वर्तमानपत्रांत हे आकडे आले, आणि पुष्कळांची अशी समजूत झाली की भरपाईचा विषय येथे संपला. वास्तविक तो येथे सुरूही झालेला नसतो. जाहीर होते ती मदत. ती द्यावी की न द्यावी, किती द्यावी, हे सरकारच्या मर्जीवर असते. भरपाई ही निराळी वस्तू आहे. ती मृताच्या वारसांचा कायद्याने येणे असलेला हक्क आहे, आणि तो मागावा लागतो. या दोन गोष्टी एकमेकींपासून वेगळ्या व्हायला शतके लागली. ती हकीगत आज थोडक्यात सांगावयाची आहे.

गाडीखाली माणूस सापडणे ही काही मोटारीच्या काळातच उद्भवलेली आपत्ती नाही. मनुस्मृतीच्या आठव्या अध्यायात गाडी, गाडीवान आणि गाडीचा मालक यांच्या जबाबदारीचा बारकाईने विचार केला आहे. बैलाची वेसण तुटली, जू मोडले, आस किंवा चाक मोडले, किंवा गाडीवानाने ‘बाजूला व्हा’ अशी आरोळी दिली होती, अशा दहा प्रसंगी दंड नाही, असे तेथे म्हटले आहे. पण गाडीवान अडाणी असल्यामुळे गाडी वाट सोडून गेली तर दंड मालकाला. गाडीवान कुशल असेल तर दंड त्याला. आजच्या वकिलालाही हा युक्तिवाद परका वाटणार नाही. मात्र हा दंड जातो कोणाकडे? राजाकडे. गंमत अशी की, दुसऱ्याच्या वस्तूची नासधूस केली तर मालकाचे समाधान करावे आणि तितकाच दंड राजाला द्यावा, असे त्याच अध्यायात सांगितले आहे. वस्तूच्या मालकाची आठवण ठेवली गेली. गाडीखाली मेलेल्याच्या बायकापोरांची मात्र या श्लोकांत कोठे दखल नाही.

आपल्याकडे वारसांचा विचार अगदीच नव्हता असे मात्र नाही. खुनाबद्दल हजार, शंभर किंवा दहा गाई द्याव्यात, म्हणजे वैर फिटते, असे आपस्तंबाच्या धर्मसूत्रात आहे. आणि ही संख्या मेलेल्याच्या वर्णावर ठरत असे. मराठेशाहीच्या कागदांत ‘मुंडकटाई’ हा शब्द येतो. शिवेच्या तंट्यात किंवा मारामारीत माणूस पडला, तर त्याच्या वारसांना जमीन किंवा एखादा हक्क तोडून देत. पण ही व्यवस्था वैर मिटवण्यासाठी होती. ज्याच्या मागे भाऊबंद उभे राहत, त्यालाच ती पावत असे. वाटेने जाणाऱ्या गरिबाला कोण भाऊबंद?

आता इंग्लंडकडे वळू, कारण आपला आजचा कायदा तिकडून आला आहे. तिथला जुना रिवाज मोठा विचित्र होता. ज्या चाकाखाली, घोड्याखाली किंवा गाडीखाली माणूस मेला, ती वस्तू अगर तिची किंमत जप्त होऊन राजाकडे जाई. म्हणजे तेथेही चाकाचा मोबदला राजाला, आणि घरच्यांच्या हाती काही नाही. १८०८ साली लंडनमध्ये एक खटला चालला. एक खानावळवाला आणि त्याची बायको घोडागाडीतून चालले असता गाडी उलटली. बायको महिनाभराने वारली. ती त्याच्या धंद्यात त्याला हातभार लावीत असे. न्यायाधीश लॉर्ड एलनबरो यांनी निर्णय दिला तो असा, की नवऱ्याला स्वतःच्या दुखापतीबद्दल आणि बायको जिवंत असेपर्यंतच्या तिच्या सोबतीच्या तोट्याबद्दल पैसे मिळतील; पण ती मेल्यानंतरच्या काळाचे काही मिळणार नाही, कारण मनुष्याच्या मृत्यूबद्दल दिवाणी कोर्टात दाद मागताच येत नाही. जखमी केले तर भरपाई, आणि जिवे मारले तर सुटका! असा तो कायदा होता.

हा कायदा मोडला तो आगगाडीने. रूळ पसरले, अपघात वाढले, आणि एकाच अपघातात अनेक माणसे दगावू लागली, तेव्हा १८४६ साली लॉर्ड कॅम्बेल यांच्या पुढाकाराने पार्लमेंटने कायदा केला की, दुसऱ्याच्या चुकीने माणूस मेला तर त्याच्यावर अवलंबून असलेल्यांनी भरपाई मागावी. त्याच वर्षी चाके आणि गाड्या जप्त करण्याची जुनी पद्धतही रद्द झाली. राजाकडे जाणारे पैसे प्रथमच घरच्यांकडे वळले, ते या वर्षी.

हिंदुस्थानात पहिली प्रवासी आगगाडी १८५३ साली मुंबई ते ठाणे अशी धावली, आणि दोनच वर्षांनी, १८५५ साली, तोच कायदा आपल्याकडे आला. वऱ्हाडात तेव्हा रूळ पोचलेही नव्हते. या कायद्याने नवरा, बायको, आईबाप आणि मुले एवढ्यांनाच हक्क दिला. भाऊ-बहीण त्यातून वगळले. विलायतेच्या कुटुंबाला तो कपडा मापाचा असेल. आपल्याकडे थोरला भाऊ धाकट्यांना शिकवतो, बहिणीचे लग्न करतो. तो गेला तर त्या भावंडांचे काय? या प्रश्नाचे उत्तर मिळायला १९८७ साल उजाडावे लागले. त्या वर्षी गुजरातच्या एस.टी.संबंधीच्या एका खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने हिंदी कुटुंबाची रीत ध्यानात घेऊन, मृताचे भाऊही भरपाई मागू शकतात असा निर्वाळा दिला.

मोटारी आल्यावर निराळीच अडचण उभी राहिली. आगगाडीमागे श्रीमंत कंपनी असे. ट्रकमागे कित्येकदा कर्जात बुडालेला एक मालक असतो. हुकूमनामा मिळाला तरी वसूल कोणाकडून करावयाचा? त्यावर तोड म्हणून १९३९ च्या मोटार कायद्यात तिऱ्हाईताचा विमा सक्तीचा करण्यात आला, आणि तो भाग १ जुलै १९४६ पासून अमलात आला. मोटारीचा मालक स्वतःसाठी विमा काढो न काढो, रस्त्यावरच्या परक्या माणसासाठी त्याने तो काढलाच पाहिजे. ही कल्पना मोठी आहे. मात्र विमा कंपनीची जबाबदारी तेव्हा तोकडी होती. मालवाहू मोटारीच्या बाबतीत ती वीस हजारांपर्यंत होती, १९६९ साली पन्नास हजार झाली आणि १९८२ साली दीड लाख. १९८८ च्या कायद्याने तिऱ्हाईताच्या मृत्यूबाबतची ही मर्यादा काढून टाकली.

विमा आला तरी कोर्ट तेच होते. दिवाणी दावा, त्याचा स्टँप, तारखांमागून तारखा. ‘शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये’ ही म्हण आपल्या लोकांनी उगीच केलेली नाही. म्हणून १९५६ च्या दुरुस्तीने मोटार-अपघातांच्या दाव्यांसाठी स्वतंत्र न्यायाधिकरण काढण्याची तरतूद झाली. योगायोग असा की, त्याच वर्षी नोव्हेंबरात विदर्भ द्वैभाषिक मुंबई राज्यात आला. न्यायाधिकरण म्हणजे साध्या अर्जावर, थोडक्या रीतीने चौकशी करणारे कोर्ट. येथे फौजदारीसारखा गुन्हा निःसंशय सिद्ध करावा लागत नाही. ड्रायव्हर फौजदारीतून सुटला, म्हणून वारसांची भरपाई बुडत नाही, ही गोष्ट अजून पुष्कळांना ठाऊक नाही.

तरीही चूक कोणाची, हे वारसांनाच दाखवावे लागे. मेलेला बोलू शकत नाही आणि रात्री दोन वाजता रस्त्यावर साक्षीदार कोठून आणावा? याचे एक उदाहरण विदर्भाच्या उंबरठ्यावरचे आहे. डिसेंबर १९६० मध्ये एका जिनिंग-प्रेसिंग कंपनीची मोटार नागपूरहून पांढुर्ण्याकडे जात असता रस्ता सोडून झाडावर आदळली. मोटार कंपनीचा मॅनेजर चालवीत होता. आत बसलेला दुसरा गृहस्थ मरण पावला. न्यायाधिकरणाने त्याच्या घरच्यांना भरपाई दिली, उच्च न्यायालयाने ती काढून घेतली, आणि १९७७ साली सर्वोच्च न्यायालयाने ती पुन्हा दिली. न्यायालयाचे म्हणणे साधे होते. नीट चालवलेली मोटार रस्ता सोडून झाडावर चढत नाही. तेव्हा घटना स्वतःच बोलते, आणि खुलासा मोटारवाल्याने करावयाचा आहे. शिवाय मॅनेजर कंपनीच्या कामावर होता, म्हणून कंपनीही जबाबदार. निर्णय चांगला झाला, पण त्याला सोळा वर्षे लागली हेही विसरता येत नाही.

तेवढी वर्षे घर कशावर चालावे? म्हणून १९८२ साली नवे तत्त्व आले. चूक कोणाची याची चौकशी होवो न होवो, मृत्यू झाला की पंधरा हजार रुपये लगेच द्यावेत. १९८८ च्या कायद्यात ही रक्कम पंचवीस हजार झाली, १९९४ साली पन्नास हजार, आणि २०१९ च्या दुरुस्तीनंतर, एप्रिल २०२२ पासून, पाच लाख. ठोकर मारून पळालेली गाडी सापडलीच नाही तर १९८२ साली पाच हजार मिळत. २०२२ च्या योजनेने ते दोन लाख झाले. त्यासाठी अर्ज उपविभागीय अधिकारी किंवा तहसीलदार यांच्या कचेरीत करावयाचा असतो.

आता कळीचा प्रश्न येतो. माणसाची किंमत करावयाची कशी? खरे म्हणजे ती होत नाही. कायदा किंमत करतो ती घरात येणे बंद झालेल्या मिळकतीची. पूर्वी एकाच वयाच्या, एकाच मिळकतीच्या दोघांच्या वारसांना दोन कोर्टांत दोन निराळ्या रकमा मिळत. दिल्लीत १९८८ साली बसच्या अपघातात कृषी संशोधन परिषदेतील एक शास्त्रज्ञ वारले. त्यांच्या घरच्यांचा दावा सर्वोच्च न्यायालयात निकाली निघाला तो २००९ साली, म्हणजे एकवीस वर्षांनी. पण त्या निकालात न्यायालयाने सबंध देशासाठी एक कोष्टक घालून दिले. कोणत्या वयाला किती पट घ्यावयाची आणि मृताच्या स्वतःच्या खर्चाचा किती भाग वजा करावयाचा, हे ठरले. पुढे २०१७ साली पाच न्यायाधीशांच्या घटनापीठाने त्यात आणखी एक भर घातली. मासिक पगारवाला नसलेला, स्वतःच्या कष्टावर जगणारा माणूसही पुढे अधिक मिळवू शकला असता, हे धरून त्याच्या मिळकतीत वाढ करावी, असे ठरवले.

हे गणित आपण आपल्या गावच्या माणसावर करून पाहू. पस्तीस वर्षांचा एक ट्रॅक्टर चालवणारा घ्या. महिना मिळकत दहा हजार, मागे बायको, दोन मुले आणि म्हातारी आई. वर्षाचे झाले १ लाख २० हजार. चाळिशीच्या आतला म्हणून पुढच्या वाढीचे चाळीस टक्के मिळवले की १ लाख ६८ हजार. चार माणसे अवलंबून, म्हणून त्याच्या स्वतःच्या खर्चाचा चौथा हिस्सा वजा केला. उरले १ लाख २६ हजार. या वयाला सोळा पट. बेरीज होते २० लाख १६ हजार रुपये. अंत्यविधीचा खर्च आणि सहवासाच्या तोट्याबद्दलच्या ठरीव रकमा निराळ्या. आता ही रक्कम जाहीर झालेल्या मदतीशेजारी ठेवून पाहा, म्हणजे मदतीवर समाधान मानणारे घर काय गमावते ते कळेल. चुकीचा वाद न घालता पाच लाख मिळण्याची जी सोय मघाशी सांगितली, तिथेही हेच ध्यानात ठेवावयाचे. ती रक्कम तडजोड म्हणून एकदा पत्करली की न्यायाधिकरणापुढचा मोठा दावा संपतो. सही करण्यापूर्वी हे गणित कोणाकडून तरी करून घ्यावे.

आणि बाई गेली तर? १८०८ च्या त्या खानावळवाल्याचा प्रश्न येथे पुन्हा पुढे येतो. १९९४ च्या आपल्या कोष्टकात घर सांभाळणाऱ्या बायकोची मिळकत नवऱ्याच्या मिळकतीच्या एकतृतीयांश धरली होती. वाशीम तालुक्यातली बाई पहाटे उठून चूल पेटवते, पाणी भरते, सोयाबीनच्या सोंगणीला जाते, संध्याकाळी परत चुलीपाशी बसते; आणि सरकारी रकान्यात तिच्यापुढे ‘काम नाही’ असे लिहिलेले असते. २०१० साली सर्वोच्च न्यायालयाने या गोष्टीवर कडक ताशेरे मारले. जनगणनेच्या वर्गवारीत गृहिणींना भिकारी आणि कैदी यांच्या पंगतीला बसवले आहे, हे न्यायालयाने दाखवून दिले. जानेवारी २०२१ मध्ये त्याच न्यायालयाने २०११ च्या जनगणनेचा दाखला दिला. घरकाम हेच मुख्य काम म्हणून सांगणाऱ्या स्त्रिया सुमारे सोळा कोटी, आणि पुरुष साठ लाखांच्याही आत. या कामाची मिळकत धरलीच पाहिजे आणि तिच्यातही पुढची वाढ मिळवली पाहिजे, असा निर्णय झाला. म्हणून घरची बाई अपघातात गेली तर ‘ती काही कमावत नव्हती’ असे घरच्यांनी स्वतःच्या तोंडाने लिहून देऊ नये.

आपल्या भागापुरती आणखी एक गोष्ट सांगितली पाहिजे. पोहरादेवीच्या यात्रेला, लग्नाच्या वऱ्हाडाला माणसे टेम्पोत, ट्रकमध्ये दाटीने बसून जातात. माल नेणाऱ्या गाडीत मालाचा धनी किंवा त्याचा माणूस मालाबरोबर बसला असेल, तर १९९४ पासून विमा त्याला लागू आहे. स्वतःचे सोयाबीन घेऊन बाजार समितीत निघालेला शेतकरी त्यात येतो. पण त्याच गाडीत फुकट बसलेल्या वऱ्हाडी मंडळींची जबाबदारी विमा कंपनीवर नाही, असा निकाल २००२ साली सर्वोच्च न्यायालयाने दिला. मग दावा उरतो तो एकट्या मालकावर. लग्नाला वीस माणसे टेम्पोत बसतात तेव्हा वीस घरांचा विमा गाडीखाली उतरलेला असतो, हे वरबापाला कोणी सांगत नाही.

शेवटी मुदतीविषयी. १९५६ साली न्यायाधिकरणाकडे अर्जाची मुदत साठ दिवस होती. १९६९ साली सहा महिने झाली. १९९४ साली मुदतच काढून टाकली. आणि एप्रिल २०२२ पासून ती पुन्हा सहा महिन्यांची झाली. नोव्हेंबर २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने, केवळ उशीर झाला म्हणून अर्ज फेटाळू नयेत, असा अंतरिम आदेश दिला आहे. पण अंतरिम आदेशाच्या भरवशावर घरी बसून राहणे शहाणपणाचे नाही. ‘सरकारी काम आणि सहा महिने थांब’ असे आपण हसत म्हणतो. येथे सहा महिने थांबणाऱ्याचा हक्कच धोक्यात येतो. २०२२ च्या नियमांप्रमाणे पोलिसांनी अपघाताची पहिली खबर अठ्ठेचाळीस तासांत आणि सविस्तर अहवाल नव्वद दिवसांत न्यायाधिकरणाकडे पाठवावयाचा असतो. तो गेला की नाही, याची घरच्यांनी ठाण्यावर चौकशी करावी.

अर्ज कोठे करावयाचा, याचीही एक सोय १९९४ साली झाली. त्यापूर्वी अपघात जेथे झाला तेथेच दावा लावावा लागे. मानोऱ्याचा किंवा रिसोडचा मजूर पुण्या-मुंबईकडे कामाला जाऊन तिकडे अपघातात गेला, तर त्याच्या विधवेने तिकडे खेटे घालावेत, अशी स्थिती होती. आता ती जेथे राहते त्या जिल्ह्यातच दावा लावता येतो. वकिलाच्या फीची भीती असेल तर १९८७ च्या कायद्याप्रमाणे कोणत्याही स्त्रीला, तिची मिळकत काहीही असो, जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडून फुकट वकील मिळतो. शेतकरी कुटुंबासाठी गोपीनाथ मुंडे यांच्या नावाची राज्याची योजना आहे. २०२३ च्या रूपात ती मृत्यूबद्दल दोन लाखांचे अनुदान देते. ते घेतले म्हणून न्यायाधिकरणातला दावा बंद होत नाही.

आपल्याकडे दुखवट्याला बसलेल्या घरात एक वाक्य हमखास ऐकू येते: ‘मानूसच गेला, आता पैशे घेऊन काय कराचं?’ त्यामागचे दुःख खरे आहे. मेलेल्याच्या नावावर पैसे घेणे आपल्या मनाला खाते. पण आतापर्यंतचा इतिहास पाहिला म्हणजे ध्यानात येते की, हे पैसे पूर्वीही कोणी तरी घेतच होते. राजा दंड घेत होता, इंग्लंडचा मुकुट चाकाची किंमत घेत होता. मिळत नव्हते ते फक्त घरच्यांना. १८४६ पासून आजवर कायद्याने जी वाट चालली, ती या पैशांना राजाच्या खजिन्यातून उचलून मुलांच्या ताटापर्यंत आणण्याची वाट आहे. शेवटचा टप्पा तेवढा कायद्याच्या हातात नाही. तेराव्यानंतर घरातल्या कोणी तरी उठून पंचनाम्याची नक्कल, शवविच्छेदनाचा दाखला आणि गाडीच्या विम्याचा नंबर गोळा करून अर्ज दिला, तरच तो पुरा होतो. गावातल्या शिकलेल्या मंडळींनी, शिक्षकांनी, पोलीस-पाटलांनी त्या वेळी त्या घरी जावे, सांत्वन करावे आणि ही एवढी गोष्टही सांगावी. मागे राहिलेल्या मुलांची शाळा सुटू नये, एवढे तरी त्यातून साधेल.